जहाज बंद पडलं, आता मिस्त्री कोण?

भरती म्हटलं की आपल्याला रनिंग, छाती आणि कटऑफ आठवतो. नेव्हीची जहाजं मात्र पाना, मल्टिमीटर आणि रजिस्टर हातात असणाऱ्यांच्या जिवावर चालतात. ती माणसं कोण? आणि टेंभुर्णीचा पोरगा किंवा पोरगी त्यांच्यात का नसावी?

टेंभुर्णीहून समुद्र किती लांब? सोलापूरवाली टेंभुर्णी नाही हं, आपली, जाफराबाद तालुक्यातली. मुंबई धरली तर चारशे किलोमीटरच्या वर. आपल्यातल्या कितीतरी जणांनी समुद्र पहिल्यांदा पाहिला तो सहलीत, आणि काहींनी अजून पाहिलेलाच नाही. त्यामुळं पहाटे पाचला डांबरी रस्त्यावर पळणाऱ्या पोरापोरींना विचारा, कशाची तयारी चाललीय? उत्तर ठरलेलं. पोलीस भरती. आर्मी. फार तर बीएसएफ, सीआरपीएफ. नेव्हीचं नाव काढलं की समोरचा हसतो. ‘आपल्याला विहिरीत पोहता येतं भाऊ, समुद्रात नाही.’

ठीक. नेव्ही जरा बाजूला ठेवू. सोयाबीन काढलंय, मळणी यंत्र लावलंय आणि नेमकं बेअरिंग गेलं. काय होतं? आधी घरातलाच कुणीतरी खोलून बघतो. नाही जमलं तर गावातला मिस्त्री. त्याच्याकडं माल नसला तर जाफराबाद, नाही तर सरळ जालना. तिथंही नाही मिळालं तर कंपनीला फोन. यात दोन दिवस गेले आणि वरून आभाळ भरून आलं की वर्षाचं गणित कोलमडलं.

आता हेच भर समुद्रात झालं तर? किनारा हजार किलोमीटर मागं राहिलाय, जहाजावर दोन-अडीचशे माणसं आहेत आणि इंजिन गार ठेवणारा पंप बसला. मिस्त्री कुठून आणायचा?

नेव्हीत मिस्त्री सोबतच असतो. आणि तो अडला तर त्याच्यामागं एक अख्खी उतरंड उभी असते, जहाजाच्या पोटातल्या विशी-बाविशीतल्या पोरापासून दिल्लीतल्या व्हाइस अॅडमिरलपर्यंत. ही उतरंड कशी लावलीय, ते एकदा नीट समजून घ्या. आयटीआयला असाल, डिप्लोमाला असाल किंवा बी.ई. मेकॅनिकलच्या तिसऱ्या वर्षाला ‘पुढं काय’ म्हणून बसला असाल, तरी.

तरंगणं, चालणं, लढणं

फोटोत युद्धनौका म्हणजे तोफा आणि क्षेपणास्त्रं. आतून ती एक गाव असते. वीज स्वतःची, जनरेटरवर. पाणी स्वतःचं, समुद्राचं खारं पाणी गोडं करून. स्वयंपाकघर, दवाखाना, एसी, सांडपाण्याची सोय, सगळं त्या शे-दीडशे मीटरच्या लोखंडात. वर रडार, सोनार, क्षेपणास्त्रं आणि हेलिकॉप्टर. यातलं काहीही बंद पडू शकतं. बरेचदा पडतंही.

नेव्हीवाले या पसाऱ्याकडं तीन शब्दांत बघतात. तरंगणं, चालणं, लढणं. जहाज आधी तरंगलं पाहिजे, म्हणजे बाहेरचा पत्रा, जोड, गळती, आग. मग चाललं पाहिजे, म्हणजे इंजिन, गिअर, शाफ्ट, पंखा. आणि मग लढलं पाहिजे, म्हणजे रडार आणि हत्यारं. एखादी गोष्ट बिघडली की पहिला प्रश्न हा, की या तिन्हींपैकी कशावर परिणाम होतोय? दुरुस्तीची घाई किती, ते त्यावरून ठरतं. जेवणाच्या हॉलमधला एसी बंद पडला तर लोक घामाघूम होतील. रडारच्या खोलीतला पडला तर रडार तापून बसेल. मशीन सारखंच, निकड वेगळी.

जहाजावर यासाठी दोन मोठे विभाग असतात. एक मरीन इंजिनिअरिंग. इंजिनं, पंप, पाइप, एसी, जहाजाचा सांगाडा हे त्यांचं. दुसरा इलेक्ट्रिकल. नावावर जाऊ नका. वायरिंग आणि जनरेटरबरोबर रडार, सोनार आणि क्षेपणास्त्रांचं इलेक्ट्रॉनिक्सही त्यांच्याकडंच असतं. दोन्हींवर एकेक अधिकारी आणि त्याच्या हाताखाली वेगवेगळ्या ट्रेडचे नौसैनिक.

आता तो पंप घ्या. इंजिन रूममध्ये ड्युटीवरचा पोरगा ठरलेल्या वेळेला फेरी मारतो. तापमान किती, दाब किती, आवाज बदललाय का, तेल गळतंय का. जे दिसलं ते लॉगमध्ये लिहितो. आज सगळं ठीक असलं तरी लिहायचंच. कारण पंप एका रात्रीत मरत नाही. आठवडाभर आधीपासून त्याचं तापमान अर्धा-एक अंशानं चढत असतं. आजचा आकडा एकटा काही सांगत नाही, सात दिवसांचे आकडे एकाखाली एक दिसले की कळतं. आपल्याकडं बोअरची मोटर जळते तेव्हा सगळे म्हणतात, ‘अचानक जळाली.’ अचानक वगैरे काही नसतं. ती आवाज करत होती, आपण ऐकत नव्हतो.

सील गळायला लागलं तर जहाजावरची टीम सोबतच्या सुट्या भागांतून ते बदलते. जमलं, विषय संपला. नाही जमलं आणि जहाजाच्या कामावर परिणाम होणार असला, तर किनाऱ्याला संदेश जातो. त्याला ‘ऑपडेफ’ म्हणतात, ऑपरेशनल डिफेक्टचं लघुरूप. म्हणजे नुसती तक्रार नव्हे. आमच्या जहाजाचं अमुक बिघडलंय, त्यामुळं तमुक काम करता येणार नाही, हे रेकॉर्डवर आलं. आता ते लपवता येत नाही.

पुढची पायरी किनाऱ्यावरचं फ्लीट मेंटेनन्स युनिट. जहाज बंदराला लागलं की त्यांची माणसं अवजारं घेऊन चढतात. त्यांच्याही आवाक्याबाहेरचं असेल तर नेव्हल डॉकयार्ड, तिथं हजारो कामगार आणि मोठमोठे वर्कशॉप. सुटे भाग पुरवायला मटेरियल ऑर्गनायझेशन नावाचा वेगळा कारभार. मुंबईतलं त्याचं ठाणं घाटकोपरला आहे. कोणत्या जहाजाच्या कोणत्या मशीनची कोणती सर्व्हिसिंग कधी व्हायची, याचं वेळापत्रक आणि हिशेब ठेवायला इन्स्मा, म्हणजे जहाजांच्या मेंटेनन्सची मध्यवर्ती यंत्रणा. पश्चिम नौदल कमांडच्या मुख्यालयात तांत्रिक बाजू सांभाळणारा एक वरिष्ठ अधिकारी. आणि सगळ्यात वर, दिल्लीच्या नौदल मुख्यालयात चीफ ऑफ मटेरियल, व्हाइस अॅडमिरल दर्जाचा.

घरचा माणूस, गावचा मिस्त्री, जालना, कंपनी. उतरंड तीच आहे. फरक इतकाच की इथं कोणत्या पायरीनं काय करायचं आणि काय करायचं नाही, हे आधीच लिहून ठेवलंय.

बिघडायची वाट बघायची नाही

ही झाली बिघडल्यावरची गोष्ट. खरं काम त्याच्या आधीचं असतं आणि ते कॅलेंडरवर चालतं.

जहाज काही दिवस समुद्रात जातं, मग ठरलेले दिवस बंदरात उभं राहतं. त्या दिवसांत जहाजावरचीच माणसं मशिनं खोलून स्वतःची कामं उरकतात. याला सेल्फ मेंटेनन्स पिरियड म्हणतात. काही वेळा डॉकयार्डची आणि मेंटेनन्स युनिटची माणसं मदतीला येतात, तो असिस्टेड मेंटेनन्स पिरियड. आणि ठरावीक काळानं येतं रिफिट. छोटं, मध्यम, मोठं. छोटं काही महिन्यांचं. मोठ्यात जहाज जवळजवळ सोलून काढतात. इंजिनं बाहेर, पत्रे बदललेले, केबल नव्या, जुन्या रडारच्या जागी नवं. त्याला वर्ष-दोन वर्षंही लागतात.

जगभरातल्या नौदलांत एक ढोबळ हिशेब सांगतात. तीन जहाजं असतील तर एक समुद्रात, एक सरावात आणि एक दुरुस्तीत. म्हणजे बातमीत ‘नौदलाकडे इतकी जहाजं’ असं वाचलं की तो आकडा जरा सावकाश घ्यायचा. आज संध्याकाळी निघ म्हटलं तर निघू शकतील अशी किती, खरा आकडा तो.

एवढा खटाटोप का? मीठ. समुद्राचं पाणी लोखंडाला खातं. मळ्यातला पाइप गंजायला वर्षं लागतात, इथं दिवसरात्र खारं पाणी आणि खारी हवा. म्हणून जहाजाच्या पाण्याखालच्या भागाला जस्ताच्या वड्या ठोकलेल्या असतात. खारं पाणी लोखंडाच्या आधी जस्ताला खातं. जस्त झिजतं, लोखंड वाचतं. पत्र्याला जस्ताचा मुलामा देतात त्यामागचं कारणही हेच. वड्या झिजल्या की बदलायच्या. विसरलात की पुढचा नंबर जहाजाचा.

शिवाय जहाजाच्या तळाला शिंपल्यासारखे जीव चिकटतात. वाळके, टणक, हजारोंनी. तळ खरखरीत झाला की वेग कमी आणि डिझेल जास्त. ते खरवडून काढायचं आणि नवा रंग द्यायचा, तर जहाज पाण्याबाहेर हवं. इतकं मोठं धूड पाण्याबाहेर काढायचं कसं?

विहीर उपसतात तसं

त्यासाठी ड्राय डॉक, मराठीत सुकी गोदी. किनाऱ्याला लागून एक भलामोठा हौद. समुद्राच्या बाजूला दार. दार उघडायचं, पाणी आत येतं, जहाज आत येतं. दार लावायचं आणि पंपानं पाणी उपसायचं. पाणी उतरत जातं तसं जहाज तळाशी आधीच मांडलेल्या ठोकळ्यांवर अलगद बसतं. ठोकळे कुठं मांडायचे हे प्रत्येक जहाजाच्या नकाशाप्रमाणं ठरतं. हजारो टनांचं वजन त्यांच्यावर येणार असतं, इकडचं तिकडं झालं तर जहाज कलंडलंच.

मुंबईला हे काम नवं नाही. लवजी नसरवानजी वाडिया नावाचा जहाज बांधणारा कारागीर १७३६ साली सुरतेहून मुंबईत आला. १७५० पर्यंत इथं दगडी सुकी गोदी उभी राहिली. पुढं वाडियांच्या पिढ्या हे काम करत राहिल्या. त्यांनी मुंबईत सागवानी लाकडाचं बांधलेलं ‘ट्रिंकोमली’ हे जहाज १८१७ साली पाण्यात उतरलं आणि आजही इंग्लंडमधल्या हार्टलपूल इथं तरंगतंय. दोनशे वर्षांहून जास्त. सागवान चांगलं होतं हे खरं, पण दोनशे वर्षं कुणीतरी त्याची डागडुजीही करत आलंय.

त्याच डॉकयार्डात २८ सप्टेंबर २०१९ ला विमानवाहू जहाज मावेल एवढी नवी गोदी सुरू झाली. २८१ मीटर लांब, ४५ मीटर रुंद आणि पावणेसतरा मीटर खोल. हिशेब आपल्या भाषेत करू. ३० बाय ३० मीटरचं, ३ मीटर खोल शेततळं असतं ना? तशी सत्तर-ऐंशी शेततळी काठोकाठ भरतील एवढं पाणी त्या गोदीत मावतं. ते उपसायचे पंप, त्या पंपांचे व्हॉल्व्ह, त्यांच्या मोटारी, यांचीही देखभाल करणारं कुणीतरी आहे. मेंटेनन्सवाल्यांचा मेंटेनन्स.

हे डॉकयार्ड फार लांबही नाही. जालन्याहून रात्री देवगिरी एक्स्प्रेस पकडली की सकाळी सीएसएमटी. तिथून चालत निघालात तर फोर्ट भागातलं त्याचं लायन गेट लागतं. आत मात्र पासाशिवाय कुणालाच सोडत नाहीत.

तडा गेलेला बॉयलर

आता गोष्ट १९७१ ची. भारताकडं तेव्हा एकच विमानवाहू जहाज होतं, आयएनएस विक्रांत. युद्धाचे ढग जमायला लागले आणि नेमका विक्रांतच्या बॉयलरला तडा गेलेला. विक्रांत वाफेवर चालायची. बॉयलर म्हणजे तिचं काळीज. पूर्ण दाबानं वाफ घेतली तर तो फुटू शकतो, आणि बॉयलर फुटला तर खाली असलेल्या माणसांचं काय होईल हे सांगायला नको. दुरुस्ती करायची तर जहाज बराच काळ अडकून पडणार.

विमानवाहू जहाजाला वेग उगाच लागत नाही. जहाज वाऱ्याच्या दिशेनं जोरात पळतं तेव्हा डेकवर समोरून वारा मिळतो आणि त्यामुळं विमान छोट्याशा धावपट्टीवरून उडू शकतं. वेग कमी म्हणजे विमानं उडवणं अवघड. थोडक्यात, एका तड्यामुळं अख्खं जहाज बंदरात बसायची वेळ आली होती.

इंजिनिअर मंडळींनी हिशेब मांडला. दाब किती ठेवला तर बॉयलर टिकेल? त्या दाबात वेग किती मिळेल? त्या वेगात कोणती विमानं, किती वजन घेऊन उडतील? बॉयलरवर सतत नजर ठेवायची आणि कमी दाबावर, वेगाला मर्यादा घालून जहाज चालवायचं ठरलं. विक्रांत बंगालच्या उपसागरात गेली. ४ डिसेंबर १९७१ ला तिच्या सी हॉक विमानांनी कॉक्स बझारवर हल्ला चढवला, आणि पुढचे दिवस चितगाव आणि आसपासची बंदरं तिच्या विमानांच्या टप्प्यात राहिली.

या गोष्टीत शौर्य उडणाऱ्या वैमानिकांचं आहेच, त्यांची नावं पुस्तकांत आहेत. पण तडा गेलेल्या बॉयलरशेजारी, घामाच्या धारांत, दाबाच्या काट्याकडं बघत उभी राहणारी माणसं? मला विचाराल तर त्यांच्यावर एखादा सिनेमा यायला हवा. येणार नाही, कारण त्यात काहीच स्फोट होत नाही. त्यांचं कामच ते होतं, स्फोट होऊ न देणं.

आणि चुकलं तर

कधी चुकतंही. ते लपवून ही गोष्ट सांगण्यात अर्थ नाही.

२६ फेब्रुवारी २०१४. आयएनएस सिंधुरत्न ही पाणबुडी रिफिटनंतरच्या चाचण्यांसाठी मुंबईजवळच्या समुद्रात होती. आत धूर झाला. पाणबुडीत धूर म्हणजे पळायला जागा नाही. दोन अधिकारी गेले. त्याच दिवशी नौदलप्रमुख अॅडमिरल डी. के. जोशी यांनी नैतिक जबाबदारी घेऊन राजीनामा दिला. उतरंडीच्या अगदी वरच्या पायरीनं खालच्या पायरीवरच्या घटनेसाठी खुर्ची सोडली. आपल्याकडं हे रोज बघायला मिळत नाही, म्हणून मुद्दाम सांगतोय.

५ डिसेंबर २०१६. आयएनएस बेतवा मुंबईत दुरुस्ती होऊन गोदीबाहेर काढताना कलंडली. दोन नौसैनिकांचा मृत्यू झाला. वर ठोकळ्यांचं सांगितलं ना, इतकं ते नाजूक काम.

२१ जुलै २०२४. आयएनएस ब्रह्मपुत्रा मुंबईच्या डॉकयार्डात रिफिटसाठी उभी होती. संध्याकाळी आग लागली. सकाळपर्यंत ती आटोक्यात आली, पण दुपारी जहाज एका कुशीवर आडवं झालं. एक नौसैनिक गेला.

तिन्ही वेळा जहाज युद्धात नव्हतं. दोन तर बंदरातच होती. दुरुस्तीतलं जहाज सगळ्यात सुरक्षित असेल असं आपल्याला वाटतं, प्रत्यक्षात उलटं असतं. वेल्डिंगच्या ठिणग्या उडत असतात, तात्पुरत्या केबल पसरलेल्या असतात, एरवी घट्ट बंद असणारी दारं उघडी असतात, आग विझवायच्या काही यंत्रणा कामासाठी बंद ठेवलेल्या असतात आणि आत बाहेरची माणसं फिरत असतात. आग विझवायला मारलेलं पाणी आत साचलं तर तेही जहाजाला कलवू शकतं. परातीत पाणी घेऊन चालून बघा, थोडी तिरकी झाली की सगळं पाणी एकाच बाजूला धावतं. जहाजाच्या पोटात तेच होतं, शेकडो टनांनी.

म्हणून दुरुस्तीच्या काळात वेल्डिंग करायचं तर आधी परवाना. पलीकडच्या खोलीत काय आहे ते बघून ये, बादली-एक्स्टिंग्विशर घेऊन माणूस उभा कर, मग सही, मग ठिणगी. सही करणारा ‘नाही’ म्हणाला तर काम थांबतं. जालन्याच्या रोलिंग मिलमध्ये मेंटेनन्सला कुणी ओळखीचं असेल तर विचारा. तिथंही नियम असतो. तो पाळला जातो की सही आधीच मारून ठेवलेली असते, एवढाच प्रश्न असतो.

वेळेचंही दुखणं आहे. सिंधुकीर्ती नावाची पाणबुडी २००६ साली विशाखापट्टणमच्या हिंदुस्तान शिपयार्डात दुरुस्तीला गेली आणि २०१५ साली बाहेर आली. नऊ वर्षं! रिफिटच्या दिरंगाईवर कॅगनंही बोट ठेवलंय. सुट्या भागांचं म्हणाल तर आपल्या कोलकाता वर्गाच्या विनाशिकांची गॅस टर्बाइन युक्रेनमध्ये बनलेली. २०२२ साली तिकडं युद्ध पेटलं आणि मुंबईतल्या जहाजांच्या स्पेअरची काळजी इथं सुरू झाली. रशियन-युक्रेनी बनावटीच्या टर्बाइनची दुरुस्ती देशातच व्हावी म्हणून विशाखापट्टणमला आयएनएस एक्सिला हे केंद्र २००० सालीच उभं केलं होतं, ते अशा वेळी कामी येतं.

डोंगरावरची शाळा

ही कामं शिकवतात कुठं? गंमत बघा. इंजिनिअरिंगची नेव्हीची मोठी शाळा समुद्रकिनारी नाहीच. ती लोणावळ्याला आहे, घाटमाथ्यावर. आयएनएस शिवाजी. १५ फेब्रुवारी १९४५ पासून. ‘आयएनएस’ म्हटलं की जहाजच असतं असं नाही, नेव्ही आपल्या किनाऱ्यावरच्या तळांनाही जहाजाचंच नाव देते. डिझेल इंजिन, गॅस टर्बाइन, बॉयलर, वेल्डिंग, जहाजात पाणी शिरलं तर भोक कसं बुजवायचं, सगळं तिथं हातानं करायला लावतात. इलेक्ट्रिकलवाल्यांची शाळा गुजरातेत जामनगरला, आयएनएस वालसुरा.

म्हणजे समुद्र लहानपणापासून पाहिलेला असावा अशी काही अट नाही. पोहणं तिथं शिकवतात. आधीपासून लागतो तो हात, मशीनला लावायला न घाबरणारा. आणि तो आपल्याकडं कमी आहे असं मला वाटत नाही. रोटाव्हेटर खोलणारी, स्टार्टरची वायर ओळखणारी, फेज गेला तर मोटर वाचवणारी पोरं प्रत्येक गल्लीत आहेत. ‘मार्क पडले नाहीत म्हणून आयटीआय केलं’ हे वाक्य तेवढं डोक्यातून जात नाही. फिटरचा ट्रेड केलेला पोरगा दोन वर्षांनी भरतीसाठी पळताना दिसतो आणि शिकलेलं सगळं विसरलेला असतो. वाईट याचं वाटतं.

मग दारं कोणती? मुंबईच्या नेव्हल डॉकयार्डची स्वतःची अॅप्रेंटिस शाळा आहे. फिटर, इलेक्ट्रिशियन, वेल्डर, मशिनिस्ट, डिझेल मेकॅनिक अशा ट्रेडच्या आयटीआयवाल्यांसाठी ती जाहिरात काढते. शिकताना विद्यावेतन मिळतं. पण स्पष्ट सांगतो, अॅप्रेंटिसशिप म्हणजे नोकरीची हमी नाही. तिथला अनुभव आणि प्रमाणपत्र घेऊन पुढची परीक्षा द्यावी लागते. पाणबुड्या आणि विनाशिका बांधणारं माझगाव डॉकही अॅप्रेंटिस घेतं. तिथं दहावीवाल्यांसाठी आणि आठवीवाल्यांसाठीही वेगळे गट असतात. हे फार कुणाला माहीत नसतं.

डॉकयार्डातल्या कायम नोकऱ्यांसाठी इंडियन नेव्ही सिव्हिलियन एंट्रन्स टेस्ट होते. दहावी आणि आयटीआयवर ट्रेड्समन मेट, डिप्लोमा किंवा विज्ञानाच्या पदवीवर चार्जमन. गणवेश नाही, पण काम जहाजावरचंच. गणवेशच हवा असेल तर अग्निवीर. दहावीवर एमआर, गणित-भौतिकशास्त्र घेऊन बारावी किंवा डिप्लोमावर एसएसआर, मुलींनाही खुलं. चार वर्षांची सेवा आणि त्यानंतर जास्तीत जास्त २५ टक्क्यांना कायम करणार, हे डोळ्यांसमोर ठेवूनच जा. उरलेल्यांत आपण असलो तर हातात कोणता ट्रेड घेऊन परत येऊ, हा प्रश्न पहिल्या दिवसापासून विचारा. इंजिनिअरिंग करणाऱ्यांसाठी टेक्निकल शाखेत अधिकारी व्हायची वाट आहे, एसएसबी मुलाखतीतून जाणारी. आणि बारावीत जेईई मेन चांगली गेली तर नेव्हीच तुम्हाला बी.टेक. करवते, केरळमधल्या एळिमलाच्या अकादमीत.

१५ जानेवारी २०२५ ला मुंबईत एकाच दिवशी तीन जहाजं नौदलात आली. सूरत, निलगिरी आणि वाघशीर ही पाणबुडी. तिन्ही माझगाव डॉकनं बांधलेली. फोटो सगळ्यांनी पाहिले. या तिन्हींना आता पुढची पंचवीस-तीस वर्षं कुणीतरी सांभाळायचंय. आयएनएस विराट तर १९५९ ला ब्रिटिश नौदलात दाखल झाली होती, आपल्याकडं १९८७ ला आली आणि ६ मार्च २०१७ ला निवृत्त झाली. आज तुम्ही अठरा वर्षांचे असाल तर सूरत निवृत्त होईल तेव्हा पन्नाशीच्या आसपास असाल. तोवर तिचा प्रत्येक पंप अनेकदा खोलून बसवलेला असेल.

शेवटी दोन व्यवहाराच्या गोष्टी. ‘नेव्हीत लावतो, दोन लाख लागतील’ असं म्हणणारा कुणी भेटला तर चहा पाजा आणि निरोप द्या. पैसे देऊन कुणी आत जात नाही, परीक्षेची जी काही फी असेल ती सरकारी वेबसाइटवर स्वतःच भरायची असते. वेबसाइट खरीच सरकारी आहे का, ते आधी बघा. आणि आधार, दहावीची मार्कशीट आणि आयटीआयचं प्रमाणपत्र समोरासमोर ठेवून नाव, वडिलांचं नाव आणि जन्मतारीख अक्षर न् अक्षर जुळते का ते तपासा. आपल्याकडं एका कागदावर ‘बाळासाहेब’ आणि दुसऱ्यावर ‘बाळू’ सर्रास असतं आणि मग कागद तपासणीच्या टेबलावर गाडी अडते. जाहिरात आल्यावर पळापळ नको, हे काम या आठवड्यातच आधार केंद्रात जाऊन उरका.